पोळा सरकतो, मृग सरकत नाही

पाडवा झाला, साखरेच्या गाठ्या पोरांनी संपवल्या, आणि आता बैठकीत एकच प्रश्न फिरतो आहे. "काहून वं ताई, यंदा पोळा एवढा उशिरा कसा?" गेल्या वर्षी पोळा २२ ऑगस्टला होता. यंदा, म्हणजे २०२६ मध्ये, तो थेट सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात आहे. वटपौर्णिमा मागच्या साली १० जूनला आली होती, यंदा ती जून संपता संपता येते. दिवाळीही नोव्हेंबरात. आणि गंमत अशी, की मृग मात्र जागचा हललेला नाही. मागच्या वर्षीही ८ जूनच्या आसपास, यंदाही तेव्हाच. भिंतीवर कॅलेंडर एकच, मग एक सण पंधरा-वीस दिवस पुढं पळतो आणि दुसरा दिवस खांबासारखा उभा राहतो, हे कसं?

याचं उत्तर असं, की आपल्या भिंतीवर एक कॅलेंडर नाहीच. तिथं निदान तीन-चार हिशेब एकावर एक छापलेले आहेत, वेगवेगळ्या काळी वेगवेगळ्या माणसांनी केलेले. आजच्या भागात त्या हिशेबांची गोष्ट सांगते. देवाधर्माची गोष्ट त्यात येते, राजांची येते, आणि सालदाराच्या पगाराचीही येते.

पहिला हिशेब चंद्राचा. अमावस्येपासून अमावस्येपर्यंत एक महिना. तो बरोबर तीस दिवसांचा नसतो, साडेएकोणतीस दिवसांहून जरासा मोठा असतो. महिन्यांची नावंही आकाशातूनच घेतली आहेत. पौर्णिमेचा चंद्र ज्या नक्षत्राच्या जवळ असतो, त्याचं नाव महिन्याला. चित्रा म्हणून चैत्र, विशाखा म्हणून वैशाख, कृत्तिका म्हणून कार्तिक, मघा म्हणून माघ. कार्तिकी पौर्णिमेला अंगणात उभं राहून चंद्राजवळ कृत्तिकांचा झुबका शोधा, सापडतो. ज्यानं कुणी ही नावं ठेवली, त्यानं पुष्कळ रात्री आकाश पाहिलं असणार.

पण असे बारा महिने मिळून ३५४ दिवस होतात. सूर्याचं वर्ष, म्हणजे उन्हाळा-पावसाळा-हिवाळा फिरून यायचं वर्ष, ३६५ दिवसांचं. दरवर्षी अकरा दिवसांची तूट. ही तूट तशीच राहू दिली तर काय होतं, ते आपल्याच गटातल्या मुस्लिम बहिणींना विचारा. त्यांचा हिशेब निव्वळ चंद्राचा आहे. २०१० साली रमजान ऑगस्टात होता, यंदा तो फेब्रुवारीत सुरू झाला. तेहेतीस वर्षांत रमजान सगळे ऋतू फिरून येतो. कुणाचा रोजा थंडीत सोपा जातो तर कुणाचा मे महिन्याच्या उन्हात, पण एका आयुष्यात सगळ्यांच्या वाट्याला सगळंच येतं. त्या व्यवस्थेतही एक न्याय आहे असं मला वाटतं.

आपल्याकडं मात्र पोळा पावसाळ्यातच आला पाहिजे आणि होळी थंडी सरतानाच. म्हणून जुन्या ज्योतिष्यांनी एक तोड काढली. अकरा-अकरा दिवसांची तूट साठत साठत एक महिन्याएवढी झाली, की एक महिना जास्तीचा धरायचा. तोच अधिक महिना. नियमही सरळ आहे. सूर्य दर महिन्याला एका राशीतून दुसरीत जातो, तीच संक्रांत. ज्या चांद्र महिन्यात एकही संक्रांत पडत नाही, तो अधिक. असा महिना साधारण साडेबत्तीस महिन्यांनी येतो. २०१८ मध्ये ज्येष्ठ अधिक होता, २०२० मध्ये आश्विन, २०२३ मध्ये श्रावण. यंदा पुन्हा ज्येष्ठ, १७ मे ते १५ जून. पोळा, वटपौर्णिमा, दिवाळी सगळं पुढं का ढकललं गेलं, ते आता कळलं असेल. मध्ये एक महिना घुसला आहे.

हा महिना मोजणीच्या गरजेतून जन्मला, म्हणून सुरुवातीला त्याला कुणी वाली नव्हता. बाकी महिन्यांना देव होते, सण होते, याला काहीच नाही. त्याला मलमास म्हणत, म्हणजे मळका महिना. मग पुराणात गोष्ट आली, की हा बिचारा रडत विष्णूकडं गेला आणि विष्णूनं त्याला आपलं नाव दिलं, पुरुषोत्तम. तेव्हापासून तो पुण्याचा महिना झाला. मला ही कथा आवडते. गणितातून उरलेल्या तुकड्याला माणसांनी घर दिलं, अशी ती कथा आहे.

पण त्या घरात पुढं जे सामान भरलं गेलं, त्याचा विचार आज करायला हवा. अधिक महिन्यात लेक-जावयाला जेवायला बोलवायचं, पुरण भरलेले धोंडे करायचे, ३३ अनारसे द्यायचे. तेहेतीस हा आकडा लोक तेहेतीस कोटी देवांशी जोडतात, आणि महिन्यांची गणतीही तेवढ्यालाच येऊन थांबते. इथपर्यंत कुणाची तक्रार नाही. लेक चार दिवस माहेरी येते, गूळ-डाळ घरची असते. मग ताटाखाली चांदीची वाटी आली. मग जावयाला कपडे, मग अंगठी. आता विहीणबाईंना साडी आणि नातेवाइकांचं अख्खं जेवण. आणि हा महिना यंदा नेमका मे-जूनमध्ये आहे, म्हणजे बी-बियाणं, खत, पोरांच्या शाळेची पुस्तकं, सगळं एकाच वेळी. बचत गटातून बियाण्यासाठी उचललेलं कर्ज धोंड्यात गेलं, अशी घरं प्रत्येकीला ठाऊक असतील. नाव घ्यायची गरज नाही. पुराणातल्या कथेत विष्णूनं त्या महिन्याला नाव दिलं, अंगठी मागितली नव्हती, एवढं तरी लक्षात असू द्या.

लग्नंही या महिन्यात थांबतात. त्यामुळं यंदा एप्रिलमध्ये आणि मे महिन्याच्या पहिल्या पंधरवड्यात मंडप आणि बॅण्ड मिळेनासे होतील, भाव चढतील. ज्यांच्या घरी कार्य आहे त्यांनी हे धरूनच चालावं.

आता सालदाराची गोष्ट. आपल्या भागात सालगडी पाडव्याला ठरतो. पाडवा ते पाडवा एक साल, इतके रुपये आणि इतकं धान्य. हा व्यवहार चंद्राच्या हिशेबानं चालतो आणि पैसे मात्र सालाचे ठरतात. मागचा पाडवा ३० मार्च २०२५ ला होता, यंदाचा १९ मार्च २०२६ ला. दिवस मोजा, ३५४ भरतात. आता पुढचा पाडवा ७ एप्रिल २०२७ ला आहे. पुन्हा मोजा, ३८४. म्हणजे गेल्या साली ज्यानं ३५४ दिवस राबून जेवढं साल घेतलं, तो तेवढ्यातच यंदा राबला तर तीस दिवस जास्तीचे देईल. रोजाच्या दरानं तीस दिवसांचे किती होतात, ते मी सांगायची गरज नाही, निंदणाला जाणाऱ्या बायांना तो हिशेब तोंडपाठ आहे. काही समजूतदार घरी तेराव्या महिन्याचं वेगळं बोलून घेतात. जिथं बोललं जात नाही तिथं ते कुणाच्या लक्षातही येत नाही. सालदाराच्या घरची बाईही त्याच वाड्यावर शेणगोठा करत असते, तिचे तीस दिवस तर कुठंच लिहिले जात नाहीत. यंदाचं साल ठरून गेलं असेल, तरी अधिक महिना अजून यायचा आहे. बोलायला वेळ आहे.

दुसरा हिशेब सूर्याचा, आणि शेतकऱ्याचा खरा हिशेब तोच. रोहिणी, मृग, आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य, आश्लेषा, मघा, पूर्वा, उत्तरा, हस्त, चित्रा, स्वाती. सूर्य एकेका नक्षत्रात साधारण साडेतेरा दिवस असतो. मृग लागला की पऱ्हाटी लावायची, तुरीच्या ओळी धरायच्या, हस्ताच्या पावसावर रब्बीची आशा ठेवायची. यात चंद्राचा संबंध नाही, म्हणून अधिक महिना आला काय आणि गेला काय, मृग जागीच राहतो. हत्तीचं वाहन, बेडकाचं वाहन, कोल्ह्याचं वाहन ही पुढची भर. वाहनावरून पावसाचा अंदाज खरा ठरतोच असं काही नाही. पण नक्षत्रावरून पेरणीचा काळ ओळखणं हे अनुभवाचं काम आहे.

आणि या मृगावरून कधीकाळी सरकारही चालत होतं. तुम्ही जुन्या मोडी कागदांत 'सुहूर सन' असा शब्द ऐकला असेल. दिल्लीच्या तुघलकांच्या काळात, १३४४ साली, हा सन सुरू झाला असं इतिहासकार सांगतात. आकडा हिजरी सनाचा घेतला, पण हिजरी वर्ष चंद्राचं, ते ऋतूंत फिरत राहणार. पीक येण्याआधीच सारा मागायची वेळ यायची. म्हणून वर्षाची सुरुवात सूर्य मृगात शिरतो त्या दिवशी धरली. त्यामुळं लोक त्याला मृगसालही म्हणत. मुसलमान सुलतानाचा आकडा, शेतकऱ्याचं नक्षत्र, आणि लिहिणारा मराठी कारकून. शिवाजी महाराजांच्या आणि पेशव्यांच्या कागदांतही हा सन येतो. कुणाचं कॅलेंडर कुणाचं, असं भांडण करणाऱ्यांनी हे जरूर वाचावं.

शिवाजी महाराजांनी स्वतःचा सनही सुरू केला. ६ जून १६७४, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. रायगडावर राज्याभिषेक झाला आणि त्या दिवसापासून राज्याभिषेक शक मोजायला लागले. त्याचं वर्ष चैत्रात नाही, ज्येष्ठातल्या त्याच तेरशीला बदलायचं. स्वतःचं नाणं पाडणं आणि स्वतःचा काळ मोजणं, ही दोन्ही सार्वभौम राजाची कामं. परक्याच्या सनात तारीख घालणारा राजा परक्याचाच राहतो, हे त्यांना नीट कळलं होतं. मराठी राज्य गेलं तसा हा शकही कागदांतून गेला. आता त्या दिवसाचा उत्सव दोनदा होतो, ६ जूनला आणि तिथीला. यंदा तर अधिक महिन्यामुळं तिथीचा उत्सव जूनच्या शेवटच्या आठवड्यात जाईल, तीन आठवड्यांचं अंतर पडेल.

मृग हलत नाही असं मी म्हटलं खरं, पण अगदी बारीक पाहिलं तर तोही हलतो. नक्षत्रांवरून मोजलेलं वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी मोठं आहे. वीस मिनिटं म्हणजे काहीच नाही, भाकरी थापायला लागतात तेवढी. पण बहात्तर वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. स्वामी विवेकानंदांचा जन्म मकर संक्रांतीचा, ती तारीख होती १२ जानेवारी १८६३. आज आपण १४ किंवा १५ जानेवारीला वाण लुटतो. साधारण सतराशे वर्षांपूर्वी संक्रांत आणि खरं उत्तरायण एकाच दिवशी पडत असत. आता दिवस मोठा व्हायला सुरुवात होते २२ डिसेंबरच्या सुमारास, आणि संक्रांत येते तीन आठवड्यांनी. तिळगूळ गोडच लागतो, त्यात फरक नाही.

मग पंचांग कोण करत होतं? छापखाना येण्याआधी गावात जोशी पाडव्याला घरोघर फिरून पंचांग वाचून दाखवत, पाऊसपाण्याचं भाकीत सांगत, धान्य नेत. वाचता येणारा तो एकटा, म्हणून मुहूर्त त्याच्या हातात. एकोणिसाव्या शतकात मुंबईच्या गणपत कृष्णाजींच्या छापखान्यात मराठी पंचांग छापलं जाऊ लागलं. तेव्हा लोकांना शंका, की शाईत चरबी असते, धर्माचं पुस्तक तिनं कसं छापायचं? म्हणून गणपत कृष्णाजींनी तुपाची शाई केली. तुपात छापलेलं पंचांग लोकांनी घेतलं, आणि हळूहळू जोश्याच्या तोंडचा मुहूर्त भिंतीवरच्या कागदात आला.

पंचांगाची गणितं तेव्हा चालत ती 'ग्रहलाघव' या ग्रंथावरून, कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी तो १५२० च्या सुमारास लिहिला. ग्रंथ उत्तम, पण तीन-चारशे वर्षांत बारीक चुका साठत गेल्या. पंचांग एक वेळ सांगायचं आणि ग्रहण आकाशात वेगळ्याच वेळी दिसायचं. पुण्याचे केरूनाना छत्रे हे गणिताचे मोठे प्राध्यापक. त्यांनी १८६५ मध्ये नव्या वेधांवरून, इंग्रजांच्या नाविक पंचांगाच्या आधारानं नवं पंचांग काढलं. लोकमान्य टिळक त्यांचे विद्यार्थी. टिळकांनी हा प्रश्न आयुष्यभर सोडला नाही, १९०४ मध्ये मुंबईत ज्योतिष्यांची परिषद भरवली, मरणापर्यंत त्यावर काम केलं. त्यांच्या नावाचं टिळक पंचांग त्यातूनच आलं. पण राशींची मोजणी आकाशातल्या कोणत्या बिंदूपासून सुरू करायची यावर एकमत झालं नाही. टिळक पंचांगाचा बिंदू बाकीच्यांपेक्षा काही अंशांनी वेगळा. त्यामुळं काही वर्षी अधिक महिनाच दोन पंचांगांत वेगळा पडतो, आणि टिळक पंचांग मानणाऱ्या घरी गणपती किंवा दिवाळी एक महिना आधी किंवा नंतर येते. एकाच देवाचे भक्त, एकाच महाराष्ट्रातले, आणि सण महिन्याच्या अंतरानं! म्हणून कुणी नास्तिक झालं नाही, कुणाचं घर बुडालं नाही.

स्वातंत्र्यानंतर हा घोळ दिल्लीपर्यंत गेला. देशात तीसेक वेगवेगळी पंचांगं. १९५२ मध्ये सरकारनं शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. समितीत सात जण, सगळे पुरुष. त्यांत आपल्या शेजारच्या नागपूरचे डॉ. केशव लक्ष्मण दफ्तरी होते आणि पुण्याचे ज. स. करंदीकर. १९५५ मध्ये अहवाल आला आणि २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय कॅलेंडर सुरू झालं. त्यात अधिक महिना नाही, तूट नाही. चैत्र ३० दिवसांचा, लीप वर्षी ३१. वैशाख ते भाद्रपद प्रत्येकी ३१. आश्विनापासून फाल्गुनापर्यंत ३०. गणित अगदी स्वच्छ. आकाशवाणीवर रोज 'भारतीय सौर' म्हणून जी तारीख सांगतात, ती हीच.

आता गंमत पाहा. परवाच्या पाडव्याला, १९ मार्चला, आपण गुढी उभारली, चैत्र शुद्ध प्रतिपदा, शके १९४८. त्याच सकाळी राष्ट्रीय कॅलेंडरात तारीख होती २८ फाल्गुन, शके १९४७. घरात नवं वर्ष आणि सरकारच्या कागदात जुन्या वर्षाचे तीन दिवस शिल्लक. सत्तर वर्षं होत आली, सरकारी पत्रावर ही तारीख छापतात, पण त्या तारखेला कुणी पोरीचं लग्न ठरवलं असं ऐकलं नाही. का बरं रुजलं नाही? मला वाटतं, त्या कॅलेंडरात बेरीज-वजाबाकी सगळी होती, पण त्यात कुणाचं माहेरपण नव्हतं, बैलाची पूजा नव्हती, उपास नव्हता. फ्रान्समध्येही असंच झालं होतं. तिथल्या क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये नवं कॅलेंडर काढलं, आठवडा दहा दिवसांचा केला. दिसायला सुटसुटीत. पण सात दिवसांनी मिळणारी सुट्टी दहा दिवसांवर गेली. राबणाऱ्यांना ते कसं पटावं? बारा-तेरा वर्षांत ते कॅलेंडर गुंडाळावं लागलं.

उलट, वरून हुकूम नसताना लोकांनी उचललेलं कॅलेंडर कसं रुजतं, ते पाहायला वर्ध्याहून लांब जायला नको. १४ ऑक्टोबर १९५६, नागपूर. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो लोकांसह बौद्ध धम्म स्वीकारला. दिवस निवडला अशोक विजयादशमीचा, दसऱ्याचा. त्या दिवशी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत श्राद्ध-पिंडदान करणार नाही अशीही एक प्रतिज्ञा आहे. म्हणजे एका सकाळी लाखो घरांच्या वर्षातून पितृपक्षाचा अख्खा पंधरवडा गळाला. त्याच्या जागी बुद्ध पौर्णिमा आली, १४ एप्रिल आला, ६ डिसेंबर आला, ३ जानेवारीला सावित्रीबाईंची जयंती आली. आषाढी पौर्णिमेपासून आश्विनी पौर्णिमेपर्यंत वर्षावास आला, आणि गावोगावच्या विहारांत संध्याकाळी बाया जमून 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' वाचू लागल्या. हे पवित्र वर्ष आपल्या आज्यांच्या डोळ्यांदेखत तयार झालं आहे. त्यातही तिथी आणि तारीख दोन्ही चालतात. दीक्षाभूमीवर मोठी गर्दी दसऱ्याला होते, आणि १४ ऑक्टोबरही पाळला जातो. दोन्हींत भांडण नाही.

सेवाग्रामचंही तसंच. गांधीजी १९३६ मध्ये तेव्हाच्या शेगावात राहायला आले. त्यांची जयंती जग २ ऑक्टोबरला करतं, पण खादीच्या माणसांत ती तिथीनंही होते, भाद्रपद वद्य द्वादशीला. तिला रेंटिया बारस म्हणतात, चरख्याची बारस. आता भाद्रपद वद्य म्हणजे कोणता पंधरवडा? पितृपक्ष! ज्या दिवसांत आपण नवी साडी घेत नाही, घराचं काम काढत नाही, त्याच दिवसांतला हा जन्म. म्हणून कुणी चरखा बंद ठेवत नाही, उलट त्या दिवशी जास्त सूत काततात.

दिवसाला शुभ-अशुभ ठरवण्याची किंमत मात्र बायांनीच जास्त मोजली आहे. मूळ नक्षत्रावर जन्मलेली मुलगी सासऱ्याला वाईट, आश्लेषावर जन्मलेली सासूला वाईट, असं म्हणत स्थळं मोडतात. थोडं गणित करू. चंद्र सत्तावीस नक्षत्रं साधारण सत्तावीस दिवसांत फिरतो, एका नक्षत्रात एक दिवस. म्हणजे दर सत्तावीस पोरींमागं एक मूळ नक्षत्रावर जन्मते. गावात २७० पोरी असतील तर दहा. तेवढ्याच पोरांचेही जन्म त्याच नक्षत्रावर होतात, पण त्यांची पत्रिका पाहताना सासऱ्याची काळजी कुणाला वाटत नाही. सावित्रीबाई आणि जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजानं हे जोखड फार आधी झुगारलं. समाज २४ सप्टेंबर १८७३ ला स्थापन झाला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला पहिलं सत्यशोधक लग्न लागलं, भटजीशिवाय, हुंड्याशिवाय. सावित्रीबाई त्यात पुढं होत्या. आपल्या गटातल्या किती जणींनी पोरीची पत्रिका न दाखवता लग्न केलं, हे एकदा बैठकीत हात वर करून मोजायला हरकत नाही.

आणि बायांनी स्वतः केलेले दिवसही आहेत, ते विसरायला नकोत. आपल्या विदर्भातली भुलाबाई घ्या. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत महिनाभर पोरी घरोघर जाऊन गाणी म्हणतात, खिरापत ओळखायला लावतात. कोणत्या शास्त्रीबुवांनी हा महिना ठरवला नाही. पोरींनी गाऊन गाऊन तो ठेवला. त्या गाण्यांत सासरचं सगळं गाऱ्हाणं येतं, आणि ते ऐकायला सासूही बसलेली असते. अलीकडं तो कमी होतो आहे, मोबाइलमुळं म्हणा, शाळेच्या वेळांमुळं म्हणा. शेजारच्या चार पोरी गोळा केल्या तरी पुरतं.

१९७३ मध्ये जयंतराव साळगावकरांनी 'कालनिर्णय' काढलं आणि पंचांग सगळ्यांच्या स्वयंपाकघरात खिळ्याला टांगलं गेलं. हिंदू, मुस्लिम, बौद्ध, जैन, ख्रिस्ती, सगळ्यांचे सण एका कागदावर, मागच्या बाजूला पाककृती. जोश्याच्या घरी जाऊन विचारायची चतुर्थी बाईनं स्वतः वाचायला घेतली, हा बदल लहान नव्हता. आणि तिनं त्या चौकटीत स्वतःचंही लिहिलं. दूध एक लिटर, सिलिंडर लावला, पाळी आली त्या तारखेवर फुली, गटाचा हप्ता, बाळाचा डोस. वर्ष संपलं की ते कॅलेंडर आपण रद्दीत घालतो. घालू नका. घरखर्चाचा, आजारपणाचा, राबण्याचा एवढा पक्का पुरावा दुसरा कुठं नसतो. निदान यंदाचं जपून ठेवा, अधिक महिन्याचं पान तरी. जावयाच्या जेवणाला किती लागले, ते त्याच चौकटीत लिहा.

यानंतरचा अधिक महिना २०२९ साली येईल, आणि तो चैत्र आहे. त्या वर्षी दोन चैत्र असतील, एक अधिक आणि एक निज. गुढी कोणत्या चैत्रात उभारायची यावर तेव्हा गावोगाव चर्चा रंगेल, आणि तिच्या पाठोपाठ सालदाराचं साल कोणत्या पाडव्याला संपलं, याचीही.